भागीरथेने आणलेला बैल

मी, चंद्रभान ताराचंद झाडे, वय एकोणऐंशी, शिक्षण सातवी, धंदा शेती, मूळ राहणार वडनेर, तालुका हिंगणघाट, हल्ली मुक्काम बोरगाव मेघे, वर्धा, हे मृत्युपत्र माझ्या हाताने आणि कोणाच्या सांगण्यावरून नव्हे, असे लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. डॉक्टरचा दाखला जोडला आहे. तो मुद्दाम काढावा लागला, कारण यंदा पंधरा ऑगस्टला माझा मुलगा मुकेश याने चारचौघांत माइकवरून सांगितले की बाबांचे वय झाले, त्यांच्या लक्षात राहत नाही. माझ्या सगळे लक्षात आहे. यापूर्वी मी कोठे काही लिहून दिले असल्यास ते रद्द समजावे. पाने बदलली जाऊ नयेत म्हणून प्रत्येक पानावर वर आणि खाली अशी दोनदा सही केली आहे.

१. बोरगाव मेघे येथील घर माझ्या नावावर आहे. ते मुकेशला द्यावे. त्याने व सुनेने मला वेळेवर जेवू घातले, हे मी नाकारत नाही. परंतु फाटकाजवळ त्याने काळा दगड बसवला आहे, त्यावर 'स्वातंत्र्यसैनिक ताराचंद झाडे निवास' असे कोरले आहे. तो दगड काढल्याशिवाय घर त्याच्या नावावर होऊ नये. वरून रंग फासलेला चालणार नाही.

२. वडनेरचे वावर मुकेश आणि मुलगी छाया यांना निम्मे निम्मे. विहीर दोघांची. धुऱ्यावरची, म्हणजे बांधावरची, चिंच कोणी तोडू नये. छायाचे सासर गावातच आहे म्हणून पीक तीच पाहील, मुकेशने शहरातून फोनवर शेती शिकवू नये.

३. बँकेतील ठेवीतून तेरवी करावी. उरेल ते मुकेशची मुले काजल आणि ऋतिक यांना सारखे. तेरवीला गुलाबजाम करू नयेत. ते मला कधीच आवडले नाहीत आणि हे घरात कोणाला माहीत नाही.

४. माझ्या बापाची सुतारकामाची हत्यारे, वाकस आणि पटाशी, जावई धीरज यांना. मुकेशने त्या वाकसाने नारळ फोडला होता.

५. आता लाकडी बैल. येथे वकील जयाताई म्हणाल्या, "काका, मृत्युपत्रात गोष्ट कोणी लिहितं का?" मी म्हटले, "घर लिहिलेलं चालते, वावर लिहिलेलं चालते, मंग घरातली गोष्ट काऊन नाई चालत?" त्या हसल्या आणि लिहा म्हणाल्या.

तर बेचाळीस साली माझे वडील ताराचंद यांनी जाम गावाहून एक बैल विकत आणला. आठ दिवसांत तो दावणीतून सुटून गेला. चोरीचा माल बाजारात येतो म्हणून वडील हिंगणघाटच्या बाजारात शोधायला गेले. त्या दिवशी तेथे मोर्चा होता. पोलिसांनी दिसेल त्याला गाडीत कोंबले, त्यात वडीलही गेले. बैल हरवला म्हणून ते सांगत राहिले, कोणी ऐकले नाही. इकडे माझी आई भागीरथा हिने विचार केला की नवा बैल आपल्या जुन्या दावणीलाच जाईल. ती एकटी पायी जामला गेली आणि बैल घेऊन आली.

वडील सुटून आले तर गावाने त्यांना हार घातला. आई दारात उभी राहून म्हणाली, "बैल म्या आणला, हार तुमाले काऊन?" वडिलांनी हार काढला आणि बैलाच्या गळ्यात घातला. मग त्यांनी सागवानाचा हा बैल कोरला. तेव्हापासून आमच्याकडे रीत पडली. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, लेकरांनी ही गोष्ट ऐकायची, मगच बैल घेऊन बोजारा, म्हणजे खाऊ-पैसे, मागायला घरोघर जायचे. वडील स्वतः सांगत आणि स्वतःवर हसत. पुढे लोक पेन्शनचा फॉर्म घेऊन आले तेव्हा ते म्हणाले, "मी बैल पाह्याले गेलतो. ज्याईनं देशाचं काम केलं त्याईले द्या." एवढी आमच्या घरची अब्रू.

ती मुकेशने वस्तीच्या मंडळापुढे मांडून खाल्ली. स्वातंत्र्यसैनिकाचा नातू म्हणून शाल घेतली. मी खुर्चीतून उठून खरे सांगितले, लोक हसले, आणि मग ते माइकवरचे वाक्य आले. घरी आल्यावर काजल म्हणाली, "आजोबा, बैलाची स्टोरी छोटी वाटते ना. जेलची मोठी वाटते." आणि व्हॉट्सॲप ग्रुपवर तिने जी मोठी गोष्ट टाकली तिच्यात माझी आई कोठेच नाही. पायी गेली ती, आणि नाव तिचेच गाळले.

६. कार्यक्रमासाठी मुकेशने बैलाला पॉलिश करून काचेच्या कपाटात ठेवले होते. तान्ह्या पोळ्याला छाया आपल्या नातीला घेऊन वडनेरहून आली.

"मुकेश, बैल काढ. पोरीले फिरवाचा हाय."

"ताई, पॉलिश खरचटन ना त्याचं."

"अन् गळ्यातली चिंधी कुठी गेली?"

"ते मळकं फडकं? पॉलिशवाल्यानं फेकलं."

छायाने पिशवीतून ती चिंधी काढून टेबलावर ठेवली. कार्यक्रमाच्या दिवशी तिने पायरीखालून उचलली होती. मी आजवर तिला शोभेची समजत होतो. छाया म्हणाली, "बाबा, हे आजीचं लुगडं हाय. जामले बैल भेटला, पण दोर नव्हता. पदर फाडून तिनं दोर केला, अन् आंगावर उरलेलं सावरत रस्त्यानं आली. गडीमान्सायसमोर काय सांगावं म्हने. मले चुलीपाशी सांगतलं. आपल्या कोरलेल्या बैलाले आबानंच हे बांधलं, काऊन ते त्या दोघायलेच माहीत होतं."

मुकेश म्हणाला, "हे मले कोणी सांगतलंच नाई." मलाही कोणी सांगितले नव्हते. पण सांगितले नाही म्हणून कोणी वाटेल ते दगडावर कोरावे काय?

म्हणून लिहितो की बैल छायाचा. दोर तिने सांभाळला, तर बैल दुसऱ्याकडे ठेवण्यात अर्थ नाही. दर तान्ह्या पोळ्याला मुकेश, काजल आणि ऋतिक यांनी वडनेरला जाऊन गोष्ट ऐकावी, पदरासकट. यापुढे ती छाया सांगेल आणि तिच्यानंतर ती नेमेल तो किंवा ती. बैल कपाटात ठेवू नये. खरचटला तर खरचटू द्यावा. मी असेन तोवर मीही लेकरांमध्ये बसून ऐकीन.

७. कलम एकमध्ये दुरुस्ती. जयाताई म्हणतात, दगड काढण्याची अट घातली तर भावाबहिणीत कोर्टकचेरी होईल. मला ती भीती रात्रंदिवस आहेच. म्हणून मुकेशला दगड ठेवायचाच असेल तर तो उलटा फिरवावा आणि कोऱ्या बाजूवर एवढेच कोरावे: 'भागीरथाबाई झाडे. बैल हिने आणला.'

वाचून पाहिले, बरोबर आहे.

सही: चंद्रभान ताराचंद झाडे

आमच्यासमोर सही केली. त्याआधी गोष्ट सांगितली, ती आम्ही दोघांनी ऐकली.
साक्षीदार: १. बापूराव महादेव कुबडे, बोरगाव मेघे
२. अश्वजित रामदास थूल, वर्धा

ठिकाण: वर्धा
तारीख: १० सप्टेंबर २०२५