आरशावरचा कापूस

माय,

कापसाच्या बोंडानं बोटं फाटली तवा मी कापूस वेचायची कमरेची ओटी सोडून वावरात फेकली होती. म्हणली, "मी शिकीन, पण जन्मात कापूस वेचणार नाही!" तू एवढंच म्हणली, "पाहू."

आता इथं गुजरातेत आमी हडप्पाच्या काळातलं गाव खोदून राहिलो. आज तांब्याच्या आरशाले चिकटलेला, हजारो वर्षांचा धागा सापडला. दिवसभर चिमट्यानं त्याचे तंतू वेचले. खोदकामाच्या मॅडमनं भिंगाखाली पाहून सांगितलं, "कापूस आहे!" मी एकटीच हसत सुटली.

हे पत्र पाठवत नाही, तू साऱ्या भातकुली गावाले वाचून दाखवशील. दिवाळीले आली का वेचायले मीच ओटी मांगीन. तवा फक्त "पाह्यलं?" म्हणू नको.

इथंही कापूसच वेचणारी,
तुयी रश्मी