वाडीच्या फिल्मला वारस

मी, हृतिक धोंडू उतेकर, वय बावीस, राहणार वरची वाडी, तालुका पोलादपूर, कॉलेज दुसऱ्या वर्षात सोडलेला, पूर्ण शुद्धीत आणि दोन चहा पिऊन हे मृत्युपत्र लिहितो. जबरदस्ती कुणाचीही नाही. परवा मी नॉर्वेला निघतोय. तिथल्या सिग्रिडबाई तीस वर्षं एकाच खेड्याची फिल्म करतायत. माझं काम बघून त्यांनी मला तीन महिने हाताखाली बोलावलंय. आंबेनळी घाटाच्या वळणांवर एसटीत माझा जीव जातो, तिथे विमानाचा काय भरवसा.

१. मोटारसायकल वडिलांना. कॉलेज सोडल्यापासून ते माझ्याशी बोलत नाहीत. ताटावर बसले की आईला सांगतात, "त्याला म्हनावं, मीठ दे." टाकी भरून ठेवली आहे.

२. राजेश सरांना फिल्मच्या पहिल्या खेळाची पुढची खुर्ची. सिग्रिडबाईंसारखी आपल्या वाडीची फिल्म करतो म्हणालो, तर भर वर्गात म्हणाले, "तुमच्या वाडीत आहे काय बघण्यासारखं?" मी दप्तर उचललं ते उचललंच. राग अजून आहे, पण खुर्ची गादीची द्यावी.

३. इस्त्री शेजारच्या कुशाबाकाकांना. आमच्याकडे कॅमेरा लग्नातच बघितलेला. त्यामुळे पहिल्या वर्षी सगळी वाडी कडक कपड्यांत भातलावणीला आली, काका सफारी घालून चिखलात. "रोजचं घाला ना," म्हटलं तर म्हणाले, "मुंबयची पोरां बगतील नाय? बापाला फाटक्यात ठेवलाय म्हनतील." दुसऱ्या वर्षी त्यांना माझा कंटाळा आला, तेव्हा कुठे फिल्म सुरू झाली.

४. कॅमेरा आणि दोन्ही हार्ड डिस्क दिशाला. ती नाते गावची, महाडला वकिलांकडे टायपिंग करते. आमच्या वाडीत चौदा घरांपैकी सहांना कुलूप आहे. उरलेली आठ अजून एकमेकांच्या शेतात फिरून लावणी करतात. यंदा मी नसेन, तिने टिपावी. नाहीतर पुढच्या वर्षी टिपायला किती जण असतील, ठाऊक नाही.
नाते गावच्या स्टॉपवर मी तिला लग्नाचं विचारलं होतं. "गाडी आली," म्हणून ती चढली. जायचं होतं महाडला, गाडी होती रायगडची. तरीही वारस तीच.

साक्षीदार म्हणून दिशाचंच नाव लिहिलं होतं. तिने वाचलं आणि पेन परत दिलं.
"ज्याला द्यायचं त्याचीच साक्ष घेतोस? सही केली तर मी घेणार कशी रे?"
"म्हणजे घेणार?"
"कॅमेरा घेते. लावणीही टिपते. स्टॉपवरच्याचं उत्तर परत आलास की. आधी परतीचं तिकीट दाखव."
दाखवलं.

सही: हृतिक धोंडू उतेकर
साक्षीदार १: ठमाबाई, दिशाची आत्या (अंगठा)
साक्षीदार २: मालोजी, चहावाले (यांना काही दिलेलं नाही, अशी यांची तक्रार आहे)
स्थळ: मालोजींची टपरी, महाड
दिनांक: १८ मे २०२५
परतीचा दिनांक, दिशाच्या सांगण्यावरून: १६ ऑगस्ट २०२५