डोळ्यांना पाणी लावायचं नाही

४ मार्च, सोमवार

लागली एकदाची नोकरी! पापण्यांना नकली केस चिकटवायची नोकरी असते, हे आईला फोनवर समजावताना माझी पुरेवाट झाली. देवाने दिलेल्या पापण्यांचं काय बिनसलंय, असं ती म्हणाली. देवाने दिलेल्या सगळ्यांना पुरत नाहीत, असं मी बोलून गेले. दोघींनाही ठकी आठवली.

ठकी म्हणजे माझी धाकटी बहीण. गेल्या वर्षी आजारपणात औषधांनी तिचे सगळे केस गेले. डोक्यावरचे परत आले, पापण्यांचे आले नाहीत. ती बालवाडीत शिकवायची. वर्गात एका पोरीने विचारलं, बाई, तुमचे डोळे नागडे का? ठकी हसली म्हणे. घरी आली ती पुन्हा गेली नाही. आता माझ्या खोलीत राहते, पडदे ओढून. हे काम शिकायचा घाट मी कोणासाठी घातला ते उघडच आहे. तिला अजून सांगितलेलं नाही.

पार्लर चष्म्याच्या दुकानावर, पहिल्या मजल्यावर. झोपायच्या दोन खुर्च्या, दोन गोल दिवे, भिंतीवर हवेतला दमटपणा मोजायचं यंत्र. मॅडम पन्नाशीच्या, ताठ कण्याच्या, हळू बोलणाऱ्या. डोळे काय सुंदर आहेत त्यांचे! पापण्या अशा दाट की बघतच राहावं. आज मला फक्त चिमटा धरायला शिकवला. प्लॅस्टिकच्या मुंडक्यावर चार तास. मान मोडली, पण मजा आली.

६ मार्च, बुधवार

शिकले ते लिहून ठेवते, नाहीतर एका कानातून शिरेल आणि दुसऱ्यातून जाईल. पहिले दोन दिवस पापण्यांना पाणी नाही, वाफ नाही, घाम फुटेल असं काही नाही. नंतर धुवायच्या, पण फेसाने आणि हलक्या हाताने. टिपायच्या, चोळायच्या नाहीत. तेलकट काही लावायचं नाही. ओल्या असताना ब्रश फिरवायचा नाही. पालथं झोपायचं नाही.

पोहायला शिकवणाऱ्या एक बाई आल्या. सोमवारी लावून गेल्या होत्या, आज अर्ध्या गायब. पाण्यात नव्हते गेले, नुसती काठावर उभी होते, असं शपथेवर सांगत होत्या. केसांतून पाणी टपकत होतं! मला हसू आवरेना.

एका गोष्टीने मात्र मन खट्टू झालं. हे नकली केस कातडीला चिकटवत नाहीत. खऱ्या पापणीच्या एकेका केसाला चिकटवतात. खरा केसच नसेल तर? मी सहज विचारल्यासारखं विचारलं. तर काही नाही, असं मॅडम म्हणाल्या.

१२ मार्च, मंगळवार

काळा चष्मा लावून एक वकीलबाई आल्या. मॅडम त्यांना आतल्या खोलीत घेऊन गेल्या. त्या खोलीत नळ नाही, ओला बोळासुद्धा न्यायचा नाही, असा नियम. तासाभराने मी पावतीपुस्तक द्यायला दार ढकललं. वकीलबाई डोळे मिटून पडल्या होत्या आणि मॅडम त्यांच्या पापण्या कातरत होत्या. जवळून दिव्यात नीट दिसलं. त्या पापण्या थेट कातडीतून आलेल्या होत्या. गोंदाचा ठिपकासुद्धा नाही. कातरलेली टोकं मॅडम एका पत्र्याच्या डबीत उचलून ठेवत होत्या, एकेक, जपून.

म्हणजे होतं. मूळ केस नसतानाही होतं!

१३ मार्च, बुधवार

आज मॅडमना ठकीबद्दल सगळं सांगितलं. वकीलबाईंना लावले तसे तिलाही लावा म्हणून हात जोडायचेच बाकी ठेवले. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि नाही म्हणाल्या. त्या डबीतल्या केसांना दोन दिवसांचं पथ्य पुरत नाही, जन्मभर पाणी लावता येत नाही, एक थेंबही नाही, आणि आजारातून उठलेल्या पोरीचे डोळे कोरडे राहायचे नाहीत, एवढंच कारण दिलं. मला राग आला. वकीलबाईंना चालतं, माझ्या बहिणीला नाही?

१५ मार्च, शुक्रवार

केलं. मॅडम दुपारी बँकेत गेल्या तेव्हा डबीतून चिमूटभर केस कागदात बांधून घेतले. घर गाठलं. ठकीला आडवं पाडलं, खिडकीतल्या उजेडात.

गोंद लागलाच नाही. केस कातडीजवळ नेला की आपोआप उभा राहायचा. ठकीला गुदगुल्या होत होत्या. दीड तासात दोन्ही डोळे झाले. हातात आरसा दिला.

ती कितीतरी वेळ बघत राहिली. मग म्हणाली, "ताई, ही मीच आहे गं." आणि रडायला लागली. किती दिवसांनी आनंदाने रडली ती. मी टिपायला धावले, पण तिने मला मिठीच मारली. मग मीही रडले. असू दे. दोन थेंबांनी काय आभाळ कोसळतंय?

१६ मार्च, शनिवार

पापण्या लांब झाल्यात. आधी वाटलं मलाच तसं दिसतंय. फूटपट्टी लावली. दुप्पट. ठकी खूश आहे, पडदे उघडून बसली आहे, सोमवारी बालवाडीत जाऊन भेटून येते म्हणाली. कडांना थोडं खुपतंय, एवढंच.

मी कातरून देते म्हटलं. एकच केस कापला. टोकाला रक्त आलं.

केसाला रक्त येत नाही. केसाला रक्त येत नसतं ना?

१७ मार्च, रविवार

सकाळी ठकीने हाक मारली. डावा डोळा उघडत नव्हता. वरचे केस खालच्या पापणीत शिरलेत. गुंतलेले नाहीत, रुजलेत. रोप रुजतं तसे. मी चिमट्याने एक ओढला तर ती अशी किंचाळली की शेजारच्या काकू दार वाजवायला लागल्या. काही नाही, बोट चेमटलं, असं सांगितलं.

तिला रडू नकोस म्हणाले. तिला दुखतंय. दुखल्यावर माणूस काय करतं?

पंखा लावला. हेअर ड्रायर थंड हवेवर धरून बसले दिवसभर. हात भरून आले. वाळलं की वाढ थांबते. पण डोळा आतून ओला असतो. आतून कसा वाळवू?

१८ मार्च, सोमवार

डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेलो. असलं आपण कधी पाहिलं नाही म्हणाले. मी काही सांगायच्या आत उजव्या डोळ्यात औषधाचे थेंब टाकले. मी ओरडले, नको, पाणी नको— उशीर झाला होता. तिथेच, त्यांच्या समोर, डोळा मिटत गेला. डॉक्टर खुर्चीसकट मागे सरकले. मोठ्या इस्पितळात न्या म्हणाले. तिथे काय करतील? धुतील. आधी धुतीलच.

दुपार

ठकीला घरी बसवून मॅडमकडे गेले. पायच धरले. त्या चिडतील असं वाटलं होतं. त्यांनी नुसतं विचारलं, "रडली ना?"

मग त्यांनी सांगितलं. त्यांच्याही पापण्या तसल्याच आहेत. अकरा वर्षं त्यांनी तोंडावर पाणी घेतलेलं नाही. आई गेली तेव्हा पंख्यासमोर बसून राहिल्या. किती खंबीर बाई, असं लोक म्हणाले. ज्या बाईंनी त्यांना हे काम शिकवलं, त्यांच्या डोळ्यांवर आधी हे केस होते. ठकीसारखेच त्यांचेही डोळे चिकटून मिटले तेव्हा मॅडम त्यांच्या गालाला गाल लावून रडल्या. केसांनी ती जागा सोडली आणि मॅडमच्या डोळ्यांवर आले. जिकडे जास्त ओल तिकडे ते जातात. त्यांना तेवढंच कळतं. वाढले की कातरावे लागतात, आणि ती टोकं फेकवत नाहीत, म्हणून डबी.

कातरताना रक्त येतं का, असं मी विचारलं. कोरडे असताना येत नाही, म्हणाल्या.

दुसरा उपाय विचारला. त्यांनी नाही म्हणून मान हलवली. जिन्यात मागून म्हणाल्या की माझी लेक असती तर मीही हेच केलं असतं.

१९ मार्च, मंगळवार

ठकीला आत टोचतंय. बुबुळाला. दिसणं जाईल तिचं.

मी ठरवलंय. तिच्या कपाळाला कपाळ लावून मी रडायचं, केस माझ्याकडे आले की लगेच ड्रायर धरायचा. मॅडमनी अकरा वर्षं काढली, मला का जमू नये? ठकीला एवढंच सांगितलं, डोळे सुटले की ड्रायर माझ्यावर धर आणि रडायचं नाही. काहीही झालं तरी. तिने हो म्हणून मान हलवली. कशाला ते नाही सांगितलं. सांगितलं असतं तर कपाळ लावू दिलं नसतं.

रडू येत नाहीये. गंमत बघा. हवं तेव्हा येत नाही.

कांदा चिरला. मग बालवाडीतला तिचा फोटो काढला, पोरांच्या गराड्यातला. मग आलं.

नंतर

फूटपट्टी ओळीवर ठेवून लिहितेय. डावा मिटला माझा. तिचा डावा सुटला! दिसतंय म्हणाली, पुसट पुसट. मुंग्या चालाव्यात तसे आले ते, एकामागून एक, नाकावरून. उजवा राहिलाय.

भीती वाटते. खूप. आईला कळवायचं नाही.

मंगळवारच असावा

आता दोन्ही. काळोख. टोचतंय आत— लिहीत राहिले की कमी वाटतं. ड्रायरचा आवाज येत होता, आता नाही. वीज गेली का? ठकी म्हणते गेली. ती पुठ्ठ्याने वारा घालतेय.

तिचे पूर्ण सुटले. दोन्ही. म्हणते खिडकी दिसते, कपाट दिसतं. शाब्बास.

पुठ्ठा थांबला. ठकी, काय झालं? बोल ना. कसा दिसतोय माझा चेहरा— नको, सांगू नकोस.

हातावर काहीतरी पडलं. कोमट.

ठकी नाही. मान हलवली होतीस तू. मागे हो. मिठी नको, चेहरा लांब ने, मी बरी आहे, अगं खरंच बरी आहे— नाकावर चालायला लागलेत ते, परत— ठकी, जवळ नको येऊस, ताईचं ऐक, रडू न