दादाच्या फोटोसमोरचं ताट

प्रिय दादा,

उद्या तुला जाऊन वर्ष होतं. पुण्यस्मरणाच्या सामानाची यादी करायला बसलो, तर काकाजींनी पहिल्याच ओळीत खर्रा लिहायला सांगितला. तांदळाच्याही आधी! म्हणून यादी बाजूला सारली आणि तुला लिहायला घेतलं.

"पाहुण्यायपुढं खर्रा नाई ठेवला त बैठक कायची?" काकाजी म्हणाले. बोलताना त्यांच्या गालात तोबरा होताच.

तुझ्या मातीच्या दिवशीही हेच. गालाच्या कॅन्सरने गेलेला तू घरात निजलेला, आणि अंगणात लोक प्लास्टिकच्या पन्नीत तंबाखू, सुपारी, चुना घोटून खर्रा करत बसलेले. एकाने तर तुझ्या फोटोपुढच्या ताटात, मेणबत्तीशेजारी, पुडी ठेवली. "भाऊले लय आवडे." ज्याने तुला मारलं त्याचाच मान! मी ती पुडी तशीच राहू दिली. अजून स्वतःची चीड येते.

चीड तुझीही येते. तोंडात एक बोट जाईना. वहिनी औषधाच्या चमच्याने दातांच्या फटीतून पेज सोडायची. तरी उशाखाली पुडी! हटकलं की म्हणायचास, "काऊन भेतेस बे? आता खराब व्हाले उरलंच काय?" आणि आम्ही हसायचो. हसण्यासारखं काय होतं रे त्यात?

मला पहिला खर्रा कोणी दिला? नववीत शाळा सोडून धानाच्या रोवणीला आलो तेव्हा बांधावर तूच दिलास ना? "घे, माणूस झाला तू." झालो माणूस! दवाखान्यातल्या ताईंनी सांगितल्याप्रमाणे रोज आरशासमोर तीन बोटं उभी धरून तोंडात घालतो, तोंड किती उघडतं ते बघतो. दोनच जातात, दादा. घरात फक्त वहिनीला सांगितलं आहे.

उद्या त्या ताटात खर्रा नसेल. तुझा तो चमचा असेल, घासूनपुसून. काकाजींनी विचारलं तर हात जोडून म्हणेन, "घ्या काकाजी, दादाकडचा पाहुणचार. खर्रा खाणाऱ्याले शेवटी हाच लागते. आतापासून सवय करा." आई रागावेल. कोणी न जेवता उठून जाईल. जाऊ दे!

माझी पुडी सकाळीच चुलीत टाकली. परवा वहिनीसोबत गडचिरोलीला तोंड तपासून घ्यायला जातो आहे. तुझा चमचा वहिनीला पुन्हा कोणाच्या तोंडाला लावावा लागू नये, एवढ्यासाठी तरी जाणारच. शब्द देतो.

तुझा धाकटा,
प्रमोद