मशीनला न पटलेली बोटं

प्रिय गलावेज,

किर्कुकला बहिणीकडे सुखरूप पोचलो. गुडघा बरा आहे, जेवतोही वेळेवर. फोनच केला असता, पण तू आवाजावरून सगळं ओळखतेस. म्हणून हे पत्र टॅक्सीवाल्याबरोबर सुलेमानियाला धाडतोय.

काल मतदान झालं. फौज शहरात शिरली नि आपण घर सोडलं त्याला सहा वर्षं झाली, पण यादीत नाव होतं. ओळख पटवायच्या मशीनवर बोट ठेवलं तर लाल दिवा. केंद्रातली मुलगी म्हणाली, "काका, दुसरं लावा." दहाही लावली. चाळीस वर्षं तंदूरला नान थापले, बोटांवर रेघ उरणार कुठून!

मागे रांगेत आपला तुर्कमेन शेजारी नेजदत होता. माझं मत आपल्या कुर्दांना, त्याच्या माणसाविरुद्ध पडणार हे ठाऊक असूनही तो ओरडला, "अगं, याच्या हातचे नान खाऊन माझी पोरं वाढली. मी सांगतो ना हा कोण ते!"

ती म्हणाली, "तुम्ही सांगून चालत नाही." मत न टाकताच परतलो.

संध्याकाळी कुर्द, अरब, तुर्कमेन, तिघांनीही आपणच जिंकलो म्हणून हवेत गोळ्या झाडल्या. आता गव्हर्नर कोणाचा, यावर भांडत बसतील. आपलं घर मागायचं कोणाकडे?

हो, घरापाशी जाऊन आलो. तुझं डाळिंब जगलंय. आत राहणाऱ्या बाईनं आपल्याच तंदूरचा नान हातावर ठेवला आणि विचारलं, "बाबा, पाहुणे का तुम्ही?"

मी हो म्हणालो.

रक्तदाबाची गोळी घेतेस ना? आणि भाड्याच्या खोलीला कशाला म्हणून पडद्यांचं कापड तसंच ठेवलं आहेस, ते आता शिवून टाक.

तुझाच,
कादिर