भिंतीपलीकडची काळतोंडी

सगळ्यांत आधी आला तो करवतवाला. माझा चहा अर्धाच झाला होता आणि हा दारात उभा, खांद्यावर शिडी, हातात मशीनची करवत, आणि विचारतो कसा, आजी, कापायचं झाड कुठलं? पण थांब बारके, आधी आशीर्वाद घे, नाहीतर म्हणशील ताई म्हातारी झाली आणि पत्राची रीतही विसरली. तर तुला, तुझ्या ह्यांना, लेकरांना अनेक आशीर्वाद. तुझा गुडघा काय म्हणतो? (माझा ठीक आहे. जिना चढताना दुखतो, भांडायला जाताना दुखत नाही.) अक्षर माझं चौथीपर्यंतचं, तेव्हा सावकाश वाच. सूनबाई लिहून देते म्हणत होती, मीच नको म्हटलं. तिच्या अक्षरानेच तर हा सगळा घोळ झाला, ते पुढे येईलच.

तर आमच्या शेजारी ते मोजणीसाहेब राहतात ना, जमीनमोजणीच्या कचेरीतून निवृत्त झालेले, उंच, एकटे, दाराला कडी घालतानासुद्धा दोन पावलं मागे जाऊन ती सरळ आहे का बघणारे. त्यांच्या आणि आमच्या परसात एक भिंत आहे, आणि भिंतीला लागून त्यांच्या बाजूला एक झाड. त्या झाडाशी माझं अकरा वर्षं वैर. पानं पडायची ती आमच्याकडे, पाखरं बसायची ती माझ्या वाळत घातलेल्या चादरींच्या बरोब्बर वर, आणि काय खाऊन यायची कोण जाणे, चादरीवर जांभळे डाग. पहिल्या वर्षी मी गोडीत सांगितलं. दुसऱ्या वर्षी गल्लीला ऐकू जाईल असं सांगितलं. तिसऱ्या वर्षी बोलणंच टाकलं आणि ठरवलं की त्या भिंतीकडे नजर वर करून बघायचं म्हणून नाही. आणि तू मला ओळखतेस, मी नाही बघितलं. कपडे वाळत घालायचे ते भिंतीकडे पाठ करून. तिकडून जे काही पडेल ते, पानं, काड्या, त्या बारीक बारीक बिया, सगळं केरसुणीने सुपलीत भरायचं आणि भिंतीवरून परत भिरकावायचं, न बघता. अकरा वर्षांत तिकडून एकदाही काही उलटून आलं नाही. माणूस सज्जन आहे हे मला तेव्हाच कळायला हवं होतं, पण मी भिंतीकडे बघतच नव्हते तर कळणार कुठून.

या वर्षी सूनबाईचा नवा पांढरा पडदा गेला आणि माझं डोकं फिरलं. ती शाळेत शिकवते, तिला म्हटलं बस आणि शहराच्या झाडांच्या खात्याला अर्ज लिही. तिने असा लिहिला की काय सांगू. 'सदर वृक्ष अनोळखी, उपद्रवी व निरुपयोगी असून' असं होतं त्यात. मला ते इतकं आवडलं की तिच्याकडून तीनदा वाचून घेतलं आणि खाली सही ठोकली. (माझी सही तुला माहीत आहे, अर्धं पान खाते.) खात्याने त्याची नक्कल मोजणीसाहेबांना पाठवली. त्यांनी खाली दोन शब्द लिहून परत केली. 'हरकत नाही.' खरं सांगते, मला रागच आला. आपण अकरा वर्षं भांडायचं आणि समोरच्याने दोन शब्दांत संपवायचं, हे काय भांडण झालं?

तर त्या दिवशी करवतवाल्याने त्यांच्या परसात शिडी लावली आणि इकडे मी भिंतीपाशी स्टूल ठेवून वर चढले. झाडच जायचंय तर आता बघायला काय हरकत, असा विचार केला. एवढ्यात स्कूटरवरून एक बाई आली. मी तिला झाडबाई म्हणते, त्या खात्यात ती अधिकारी आहे, तिने झाड पाहिल्याशिवाय करवत लावता येत नाही. वयाने आपल्या नातीएवढी, केस आखूड, गळ्यात दोरीला बांधलेलं भिंग. करवतवाला म्हणाला, बाई, पाच मिनिटांचं काम आहे. ती म्हणाली, माझंही पाचच मिनिटांचं. मग तिने दोन तास घेतले.

आधी तिने खोड चाचपलं. तांबूस, चकचकीत, आणि त्यावर आडव्या आडव्या तुटक रेघा, कुणी दिवस मोजत बसल्यासारख्या. एका फटीतून डिंक आला होता तो बोटाने पाहिला. मग एक पान घेतलं, त्याची कड बारीक दातऱ्यांची, आणि देठावर, पान सुरू व्हायच्या जरा खाली, दोन लालसर मणी, बाळाच्या कानातल्या डुलांएवढे. भिंगातून ते बघून तिचा चेहरा असा फुलला की मला वाटलं हिला काहीतरी सापडलं. म्हणाली, ही रानचेरी. इथलीच, जंगली. ही कुणी लावत नाही, पाखरं पेरतात. अख्ख्या शहरात मला आजवर तीन सापडल्यात, ही चौथी. मी स्टुलावरून म्हटलं, चौथी असो की चाळिसावी, चादरी आमच्याच खराब होतात. ती हसली. तिने एक काडी मोडली, नखाने साल खरवडली, हुंगली, आणि भिंतीवरून माझ्यापुढे धरली. बघा आजी, कडू बदामाचा वास.

बारके, काळतोंडी. आपली शाळेमागची काळतोंडी.

मला रानचेरी वगैरे काय ठाऊक, आपण तर तिला काळतोंडीच म्हणायचो. मधल्या सुट्टीत उतारावर पळायचं, त्या लहान लहान काळ्या फळांनी तोंडं काळी करून यायचं, आणि मग गुरुजी सगळ्यांना रांगेत उभं करून जीभ दाखवायला लावायचे. तू पाटीवरची पेन्सिल चघळून जीभ पांढरी करायचीस, आणि तरी छड्या खायचीस. शाळेची नवी इमारत बांधताना ते झाड तोडलं तेव्हा तू दोन दिवस जेवली नव्हतीस. मोठेपणी किती शोधली आपण ती. रोपवाल्याला मी दोनदा सांगितलं, तोंड काळं करणारं फळ हवंय, दोन्ही वेळा त्याने तुती दिली. आणि जी मी शहरभर विचारत फिरले तिच्या बिया मी अकरा वर्षं केरसुणीने भिंतीपलीकडे फेकत होते.

मी म्हटलं, थांबा. करवतवाला म्हणाला, आजी, अर्ज तुमचाच आहे ना? म्हटलं, माझाच आहे, म्हणून तर मीच थांबवतेय. स्टुलावरून उतरले आणि रस्त्याने फिरून त्यांच्या फाटकाशी गेले. (बासष्ट पावलं. हे त्यांनीच नंतर सांगितलं, ते खिडकीतून मोजत होते.) आत गेले तर मोजणीसाहेब हाताची घडी घालून उभे. वहिनी म्हणाले मला, अकरा वर्षांनी. पण पुढे म्हणाले, मी हरकत नाही असं लिहून दिलंय, दिलेला शब्द मी फिरवत नाही, तुमच्या मनासारखं होऊ द्या. आता आली का पंचाईत. हे झाड कापू नका म्हणून मी हात जोडतेय आणि ते कापा म्हणून मालक अडून बसलेत, आणि दोघांच्या मधे करवतवाला, बिचारा एकदा इकडे बघतोय, एकदा तिकडे.

झाडबाईने मधेच सहज विचारलं, झाड किती वर्षांचं असेल हो? तर मोजणीसाहेब वळले, आत गेले आणि एक लांबट वही घेऊन आले. वहीत दरवर्षी एकाच तारखेला घेतलेली मापं. छातीच्या उंचीवर खोडाचा घेर, सावलीवरून काढलेली उंची, पांढरा फुलोरा किती दिवस टिकला ते. पहिलं माप करंगळीएवढ्या खोडाचं. ती बघत पानं उलटत गेली, आणि शेवटच्या पानावर त्याच दिवसाची तारीख, सकाळी सातचा घेर, आणि खाली बारीक अक्षरात 'शेवटचं माप'. त्यांनी वही पटकन मिटली. पण माझं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, मला दिसायचं ते दिसलं.

मग ते म्हणाले, उपद्रवी म्हणालात, मान्य आहे, चादरी मीही पाहिल्यात. अनोळखी म्हणालात, तेही चालेल. पण निरुपयोगी हा शब्द मागे घ्या. आणि ते सूनबाईंच्या अक्षरात नको, तुमच्या हाताने लिहा. मी म्हटलं, अहो, मी चौथी शिकलेली. ते म्हणाले, मी रेघा मारून देतो. आणि खरंच पट्टी घेऊन मारून दिल्या, एकसारख्या. त्यांच्या जेवणाच्या टेबलाशी बसून मी पाऊण तास लिहीत होते. करवतवाला शिडीच्या खालच्या पायरीवर बसून बिस्किटांचा अख्खा पुडा संपवून मोकळा झाला. लिहिलं ते असं: 'झाड उपयोगाचं आहे. ते मी लहानपणापासून ओळखते. अर्ज करताना मी त्याच्याकडे बघितलं नव्हतं. चूक माझी, झाडाची नाही.' त्यांनी वाचलं, काही खोडलं नाही, आणि खाली लिहिलं, हरकत नाही.

आता झाडबाईने आम्हाला रोपं करायला शिकवलंय. फळ झाडावरच काळं होऊ द्यायचं, पण ते काळं झाल्याचं पाखरांना आपल्याआधी कळतं, म्हणून फांद्यांवर पायमोजे चढवायचे. मोजणीसाहेबांनी सात जोड काढले, भोकं पडलेले मी परत केले. झाड आता असं दिसतं की वाटावं ते शाळेत निघालंय. मग गर धुऊन बी काढायची, ती वाळू द्यायची नाही, ओल्या वाळूत घालून बरणी तीन-चार महिने फ्रिजमध्ये. थंडी पडून गेली असं वाटल्याशिवाय बी डोळा उघडत नाही म्हणे. मग बोटाच्या पेराएवढी खोल कुंडीत. आणि बी फोडून आतला गर खायचा नाही, विषारी असतो. फळं अजून लालच आहेत, पण मी वाळूची बरणी आतापासूनच फ्रिजमध्ये ठेवलीय. सूनबाई म्हणाली, आई, दुधाशेजारी वाळू कशाला? म्हटलं, सवय होऊ दे तिला.

बाकी सगळं क्षेम. मी इतकी खूश आहे की चादरी घरात वाळवते.

तुझी
ताई

ता. क. वाचून तुला वाटलं असेल, मिटलं. मिटलेलं नाही. कापायचा हुकूम निघून गेलाय. झाडबाईचा साहेब म्हणतो, ज्या बाईने तक्रार केली तिच्याच एकटीच्या सांगण्यावर तो कसा रद्द करायचा, त्या काळचं हे झाड ओळखणारं दुसरं कुणीतरी आणा आणि सही करू द्या. आता शाळेमागच्या उतारावरचं कोण उरलंय, तू आणि मी. तेव्हा यायचं. गुडघ्याचं कारण चालणार नाही, मुलगा गाडी घेऊन येईल. साहेब विचारतील तेव्हा देठावरचे दोन मणी आणि काडीचा वास एवढं सांग. तुती म्हणू नकोस.

ता. क. दुसरा. गुरुजींना तुझं नाव कोण सांगायचं, हे तू साठ वर्षं विचारतेस. मी सांगायचे. माझी जीभ बघायच्या आधी तुझी बघावी म्हणून. रागाव, पण सही झाल्यावर रागाव.

ता. क. तिसरा. गुरुवारी सकाळी अकराला येतो म्हणालेत. साहेब, झाडबाई आणि करवतवाला. त्याला दारात लावायला एक रोप हवंय म्हणे, पण करवत तो बरोबर घेऊनच येणार आहे. ती गाडीतून खाली काढायची की नाही, हे तू येतेस की नाही यावर आहे. गुरुवारी, बारके, अकरा वाजता.