आवाज परत आल्यावर

लातूर,
९ डिसेंबर २०२४

प्रिय अक्का,

तुला आणि दाजींना शरणार्थ. इकडे सगळे बरे आहेत. थंडी पडलीय, तुरीच्या शेंगा आल्यात, सासूबाई रोज उकडून देतात. तुझे गुडघे कसे आहेत?

तू बिलोलीहून फोन करतेस आणि दरवेळी हेच उचलतात, म्हणून रागावली असशील. डॉक्टरांनी महिनाभर बोलायचंच नाही असं सांगितलं होतं. केबलवरच्या त्या दुपारच्या कार्यक्रमात अकरा वर्षं लोकांना प्रश्न विचारले. घसाच तो.

आवाज बसला तो भाग तू पाहिलासच. जळकोटच्या विठाबाई समोर होत्या. त्यांची मुलगी घर सोडून गेलेली. आमचे निर्माते रविकिरण माझ्या कानातल्या इअरफोनमधून सांगत होते, "रडू द्या." मग म्हणाले, "आता विचारा, आई म्हणून काय वाटतं?" मी तोंड उघडलं आणि आवाजच फुटेना. विठाबाईंनी स्वतःचे डोळे पुसले आणि मलाच पाणी पाजलं.

आता खरं सांगते. आवाज परत आलाय. घरी कोणी नव्हतं, दूध उतू जायला लागलं आणि मी ओरडले, "अगं बाई, दूध!" अगदी स्वच्छ. गॅस बंद केला आणि तिथंच खाली बसले. हे घरी आल्यावर मात्र नुसतं गळ्याकडे बोट दाखवलं. त्याला पंधरवडा झाला. तुला फोनवर सांगितलं असतं, तर तू आधी हेच विचारलं असतंस, "मग कार्यक्रम कधी सुरू?"

काल रविकिरणनी बोलावलं. विठाबाईंची मुलगी सापडलीय, निलंग्यात संसार करून राहिलीय. तिला आईच्या घरी नेतो म्हणून सांगायचं, आणायचं स्टुडिओत. आईला तर काहीच सांगायचं नाही. "तुम्ही फक्त शेजारी बसा मॅडम, बोलेल नवी अँकर."

मी म्हणाले, "नको."

ते दचकलेच. "आवाज आला की हो!"

"दोघींना घरी भेटू द्या."

"मग अकरा वर्षं काय केलं आपण?"

मी उठले. बाहेर येऊन विठाबाईंना फोन लावला, सगळं सांगितलं, रविकिरणच्या फाइलमध्ये पाहिलेला मुलीचा पत्ताही दिला. त्या म्हणाल्या, "बाई, मला तिला जेवू घालायचं हाय. ते टीव्हीत कसं जमंल?"

आज सकाळच्या एसटीनं त्या निलंग्याला गेल्या. दुपारी मुलीच्या फोनवरून फोन आला. दोघी एकदमच बोलत होत्या, हसत होत्या का रडत होत्या, काही कळलं न्हाई. मी ऐकत राहिले. त्यानंतर तासाभरात वाहिनीचा निरोप आला, हातचा भाग घालवलात, उद्यापासून येऊ नका.

ह्यांना यातलं काहीच माहीत नाही. आत्ता स्वयंपाकघरात माझ्यासाठी हळदीचं पाणी कोमट करतायत. ते घेऊन आले की तोंडानंच सांगणार आहे.

लई थकलेय, अक्का. रविवारच्या गाडीनं तुझ्याकडे येते. जेवायला वाढ, झोपू दे आणि चार दिवस मला काही विचारू नकोस.

तुझी,
विशाखा